आवाज स्वच्छ येतोय

चष्म्याच्या दुकानातल्या माणसाने माझा चष्मा हातात घेतला, दांडी वरखाली करून पाहिली आणि म्हणाला, "बिजागरीच गेलीय, मावशी. दुपारी या. तोवर सावकाश चाला." मी बाहेर आले ती चाचपडतच. चष्मा नसला की हाताच्या अंतरापलीकडचं जग मला पाण्यात बुडाल्यासारखं दिसतं. चौकातली माणसं म्हणजे नुसते रंग, गाड्या म्हणजे सरकणारे ठोकळे. घरी जाऊन परत येण्यात अर्थ नव्हता, म्हणून कारंज्याच्या कठड्यापाशी टेकले. तेवढ्यात पलीकडून एक आवाज आला. बाईचा. भरलेला, मोकळा, जरा खट्याळ. वाक्य संपता संपता किंचित वर उचलला जाणारा, म्हणजे ऐकणाऱ्याला वाटावं, पुढे अजून काहीतरी गंमत आहे. माणसं हसली. मी उभं आयुष्य टेलिफोन ऑफिसात काढलं. कानाला लावलेल्या त्या यंत्रातून आवाज ऐकत तरुणपण गेलं आणि ऐकतच केस पांढरे झाले. त्यामुळे माणूस दिसायच्या आधी मला ऐकू येतो. वाटलं, काय सुरेख आवाज आहे, कुणाच्या घरात असतो हा, घरातले किती नशीबवान. मग तो आवाज म्हणाला, "माझ्यावर लक्ष ठेवलं नाहीत तरी चालेल, माझ्या छत्रीवर ठेवा." त्यातला 'चालेल' माझ्या ओळखीचा निघाला. रोज रात्री आमटी आणखी वाढू का विचारलं की मला मिळतो तोच. माझी सून होती ती.

मी कठडा घट्ट धरला. ती हे काम करते हे ठाऊक होतं. वर्ष झालं असेल. सकाळी पिवळी छत्री घेऊन निघते, लोकांना जुनं गाव फिरवते, संध्याकाळी परत येते. मी एकदाही गेले नाही. आपल्याच गावात पाहुण्यासारखं कोण फिरतं? आणि तिने कधी बोलावलंही नाही. आमच्या घरात तिचा आवाज म्हणजे झाकण ठेवलेल्या पातेल्यासारखा. "बरं." "ठेवलंय." "आणते." माझा लेक गेल्यापासून तीन वर्षं आम्ही दोघी असंच बोलतो, जणू पलीकडच्या खोलीत कुणी झोपलंय. त्याचं नाव निघत नाही. त्याचे जाड तळाचे बूट दाराशी आहेत, तिने हलवले नाहीत, मी हलवले नाहीत. केर काढताना ती त्यांच्या भोवतीने काढते, मी काढला तर मीही. रेडिओचा आवाज मी कमी केला की तिने, ते आता आठवत नाही. आणि मला अलीकडे वाटायला लागलं होतं की पोर माझ्यामुळे विझत चाललीय. सासू समोर बसलेली असताना कुठल्या सुनेला हसू फुटेल? मी आहे तोवर ती या घराला बांधलेली. म्हणून तिला न सांगता मी दुसऱ्या गावी ताईशी बोलून ठेवलं होतं. ताईची मागची खोली रिकामी आहे. ताई म्हणाली, ये, दोघी म्हाताऱ्या भांडत बसू. फक्त कधी, तेवढं सांगायचं बाकी होतं. आणि आता हा आवाज. पुरावाच की. घराबाहेर पडली की ही अशी गाते, घरात पाऊल टाकलं की लाइन डेड.

घोळका हलला तशी मी उठले. का, ते विचारू नका. पिवळ्या ठिपक्याच्या मागे मागे गेले, कडेकडेने, चोरासारखी. ती धान्याच्या जुन्या कोठारापाशी थांबली होती आणि सांगत होती की इथे पूर्वी मोठा तराजू होता, आणि व्यापाऱ्याने मापात पाप केलं तर शिक्षा म्हणून त्यालाच तराजूत बसवून सगळ्यांसमोर त्याचं वजन मोठ्याने वाचून दाखवायचे. "आज ही शिक्षा असती तर मीसुद्धा इमानदार राहिले असते," ती म्हणाली. लोक हसले. एका टोपीवाल्या गृहस्थांनी विचारलं, हे खरं की दंतकथा? ती म्हणाली, "काका, खरं असतं तर इतकं छान असतं का?" त्यांची बायको त्यांना म्हणाली, "ऐका जरा, मध्येमध्ये परीक्षा घेऊ नका." आणि त्याच क्षणी सूनबाईंचा आवाज अर्ध्या शब्दावर थांबला. मला तिचा चेहरा दिसत नव्हता, चेहऱ्याच्या जागी गव्हाळ डाग फक्त. पण तो डाग माझ्याकडे वळलेला होता. मला वाटलं आता 'आई' म्हणेल, घरचा आवाज परत येईल, सगळ्यांसमोर झाकण पडेल, आणि ते मीच पाडलेलं असेल. पळून जावं म्हटलं तर कुठे, समोर पायरी आहे की भिंत तेही कळत नव्हतं. ती म्हणाली, "या काकू, मागे नका राहू. उशिरा आलेल्यांनाही आम्ही घेतो." काकू. तोच आवाज, मोकळा. राँग नंबर लागलेल्या माणसाशी बोलावं तसा, सभ्य आणि जरासा मजेत. मी म्हटलं, "आले, बाई." आणि घोळक्यात शिरले.

मग आम्ही अरुंद बोळातून गेलो. दोन्ही भिंतींना खांदे लागत होते. ती म्हणाली, इथे समोरून कुणी आलं की एकाला परत फिरावं लागतं, म्हणून या गल्लीत सगळ्यांत जास्त भांडणं झाली आणि सगळ्यांत जास्त लग्नंही. मी हात भिंतीवरून सरकवत चालले. दगड सकाळी गार असतात, हे मला इतकी वर्षं या गावात राहून ठाऊक नव्हतं. माझी वाट ठरलेली होती: घर, ऑफिस, बाजार, घर. या बोळाच्या तोंडावरून हजारदा गेले असेन, आत कधी वळले नाही. लेक लहान असताना म्हणायचा, आई, आतून जाऊ. मी म्हणायची, उशीर होतोय. त्याला दगडांचं वेड तेव्हापासून. खिशातून खडे निघायचे, धुवायला घातलेल्या चड्डीतून खडे. पुढे शिकूनसवरून तो जुन्या भिंतींची डागडुजी करणाऱ्यांत गेला, तेव्हा त्याचे वडील म्हणाले होते, पोरगा शेवटी दगडच फोडणार. फोडत नाही बाबा, सांधतो, तो म्हणायचा. मला आठवलं आणि मी चालता चालता थांबले. मागच्या टोपीवाल्या काकांचा धक्का लागला. ते म्हणाले, "माफ करा हं." म्हणजे बोळाने आपलं काम केलंच. पुढून तिचा आवाज आला, "मागे सगळे ठीक ना? काकू?" मी म्हटलं, ठीक. तिचे कान मागे लागलेले होते. पुढे गोष्ट सांगतेय आणि कान माझ्या पावलांवर. कामात मुरलेल्या बाईचं ते लक्षण. आम्हीसुद्धा एका कानाने बोलायचो आणि दुसऱ्याने अख्खं ऑफिस ऐकायचो. मला उगाच अभिमान वाटला. मग स्वतःचंच हसू आलं, की हिला मी शिकवलंय थोडंच.

बोळ संपला आणि ऊन अंगावर आलं. पायऱ्या चढून आम्ही तटाच्या भिंतीपाशी पोचलो. मला ती भिंत दिसली नाही, नुसता मोठा पिवळसर काळोख दिसला. पण कुठे आहोत ते कळलं. लेकाने बरीच वर्षं इथेच काम केलं होतं. आजारपणाआधी घरी यायचा तो या भिंतीची पूड अंगावर घेऊन. तो गेल्यानंतर मी इकडे फिरकले नव्हते. सून रोज इथे येते हे मला ठाऊक असायला हवं होतं, गाव दाखवणारी बाई गावाचा तट कसा टाळेल, पण मनाने तेवढा विचारच केला नव्हता. आता ती काय सांगेल? कोणत्या राजाने बांधली, किती उंच, किती रुंद, तेवढं सांगून पुढे गेली तर बरं, असं वाटलं. आणि तेवढंच सांगून गेली तर मला वाईट वाटेल, हेही त्याच क्षणी कळलं.

"राजाचं मी सांगत नाही," ती म्हणाली, "ते पाटीवर लिहिलंय. हा तुकडा बघा, इथून तिथवर. हा जुना नाही. अलीकडच्याच एका माणसाने दुरुस्त केलाय, आणि कुठे जुनं संपतं नि कुठे नवं सुरू होतं ते तुम्हाला सापडणार नाही. तो माणूस एका मुलीला इथे घेऊन आला होता. मुलगी नव्या चपला घालून आली होती, कारण तिला वाटलं, आज हा विचारणार. आणि हा सांगतोय काय, तर चुना कसा भिजवायचा. महिनोन् महिने भिजत ठेवायचा. घाई केली की भिंत फुगते. एक तास झाला. चपला चावायला लागल्या. शेवटी ती म्हणाली, 'अहो, चुन्याचं सगळं कळलं. पण तुम्ही मला चुना लावत नाही ना?'"

सगळे खो खो हसले. आणि मीही हसले. पोटातून, आवाज करून हसले, आणि मग हात आपोआप तोंडावर गेला. त्याच्यावरून हसायचं असतं हे मी विसरूनच गेले होते. कारण तो अगदी तसाच होता. मुलगी पाहायला नेला तरी तिथल्या भिंतीला कान लावून ठोकून बघेल असा. तीन वर्षं मी त्याला दवाखान्यातल्या खाटेवरच ठेवला होता. ऑक्सिजनच्या नळीखालून तो "आई" म्हणाला तो आवाज मी कानात जपून ठेवला होता, आणि त्याच्या आधीचे सगळे आवाज त्याखाली गाडले गेले होते. आणि इथे ही, रोज सकाळी, अनोळखी माणसांसमोर, त्याला चुना भिजवायला लावत होती. चांगला धडधाकट. ही गोष्ट मला माहीत नव्हती. मला माहीत नसलेला माझा लेक या बाईजवळ अजून शिल्लक होता.

टोपीवाल्या काकांनी विचारलं, "मग आता कुठे असतो हा माणूस? भेटतो का? मला त्या चुन्याचं विचारायचंय."

ती गप्प झाली. आमच्या ऑफिसात नव्या मुलींना मी एक गोष्ट शिकवायची. दोन तऱ्हेच्या शांतता असतात. लाइन तुटलेली असते तेव्हा कोरडी शांतता, तिच्यात काही नसतं. तिथे वेळ घालवू नका. आणि माणूस पलीकडे रिसीव्हर धरून उभा असतो तेव्हाची शांतता, तिच्यात श्वास असतो. तिथे घाई करू नका. मला तिचा श्वास ऐकू येत होता. हा प्रश्न तिला रोज कुणीतरी विचारत असणार, आणि रोजचं काहीतरी उत्तरही ठरलेलं असणार. आज ते उत्तर माझ्यामुळे अडलं होतं. लोक थांबले होते. काकांची बायकोसुद्धा गप्प.

मी म्हटलं, "ते राहू द्या हो. त्याने मुलीला विचारलं की नाही, ते आधी सांगू द्या."

डाग माझ्याकडे वळला. मग तिचा आवाज आला, आधी जरा चाचपडत, मग धरून. "नाही विचारलं, काकू. मुलीनेच विचारलं. तर म्हणतो कसा, आईला फोन करून सांगतो." परत हसू. "तेव्हा सगळ्यांच्या खिशात मोबाइल नव्हते. त्या कोपऱ्यावरच्या दुकानातून फोन लावला. त्याची आई टेलिफोनच्या चौकशी खात्यात. हा म्हणाला, 'आई, मी लग्न करतोय.' तर आई म्हणाल्या, 'ही चौकशीची लाइन आहे. खाली ठेवा.' आणि ठेवला. दोघं उभे. मुलीला वाटलं, झालं, संपलं. तेवढ्यात दुकानातला फोन वाजला. आईच. म्हणाल्या, 'मुलीला दे.' मुलीने घेतला आणि घाबरून एकच शब्द बोलली, हॅलो. आई म्हणाल्या, 'आवाज स्वच्छ येतोय. चालेल.'"

काकांची बायको म्हणाली, "अशी सासू मिळायला नशीब लागतं हो."

"लागतं," सून म्हणाली. "पण ताटात काही टाकलेलं चालत नाही त्यांना. कढीपत्तासुद्धा मोजतात."

लोक हसले, आणि मी हसले नाही, कारण मला ती दुपार दिसत होती. ड्यूटीवर घरचा फोन घ्यायचा नाही असा नियम होता, साहेबीण मागे उभी होती, म्हणून ठेवला. मग शेजारणीला जागा सांभाळायला सांगून स्टोअररूममधल्या फोनवर गेले; तो नेहमी करायचा त्या दुकानाचा नंबर पाठच होता. आणि पलीकडून आला तो आवाज स्वच्छ मुळीच नव्हता. बशीत कप थरथरावा तसा थरथरत होता. इतकी भ्यालेली पोर मी लाइनवर क्वचित ऐकली असेल. म्हणून मी म्हटलं ते, दिलासा म्हणून, आमच्या धंद्यातलं जे तोंडात होतं ते. मी ते वाक्य विसरलेही होते. ती त्यावर इतकी वर्षं उभी होती.

"आणि काका, तुमचा प्रश्न," ती म्हणाली. आवाज खाली आला नव्हता. "तो माणूस आता नाही. तीन वर्षं झाली. भिंत आहे. उतरताना पायऱ्या बघून उतरा, मधली एक तुटकी आहे." काकांनी टोपी काढली असावी, कारण डोक्याचा रंग बदलला. पायऱ्यांपाशी कुणीतरी माझं कोपर धरलं. मला वाटलं काकांची बायको, पण ती सून होती. खालीपर्यंत तिने कोपर सोडलं नाही आणि त्या सगळ्या वेळात मोठ्याने लोकांना सांगत राहिली की समोरच्या हौदात पूर्वी हत्तींना पाणी पाजत असत, निदान मुलांना सांगायला तरी हत्तींनाच.

हौदापाशी फेरी संपली. लोकांनी तिचे आभार मानले, फोटो काढले, पांगले. आम्ही दोघी हौदाच्या पायरीवर बसलो. तिने डब्यातला पाव अर्धा करून मला दिला. मी म्हटलं, "रोज सांगतेस हे?"

"भिंतीचं रोज. फोनचं आजच." मग म्हणाली, "त्याचं विचारलं की मी सांगते, बदली झाली दुसऱ्या गावी. तुमच्यासमोर बदली म्हणवेना."

ठरवलेलं बोलून टाकायलाच हवं होतं, नाहीतर पुन्हा धीर झाला नसता. मी म्हटलं, "मी ताईकडे जाऊन राहायचं म्हणतेय. कायमची. ताईशी बोललेय."

तिने डब्याचं झाकण लावलं. मग, "माझं काही चुकलं का?"

"तुझं कसलं चुकतंय. अगं, आज ऐकला तुझा आवाज. बाहेर अशी बोलतेस आणि घरात आलीस की तुला शब्द फुटत नाही. मी समोर असते म्हणून. मला काय कळत नाही? आवाजातच जन्म गेला माझा."

ती माझ्याकडे बघत राहिली असावी. मग हसायला लागली. ते हसणं मात्र फाटकं होतं, अर्धं हवेतच विरलं, आणि तेव्हा कुठे मला ऐकू आलं की इतक्या वेळात तिचा आवाज किती खरखरीत झालाय. "आई," ती म्हणाली, जवळजवळ कुजबुजतच, "घसा बसतो हो माझा. दिवसाला दोन फेऱ्या, गाड्यांच्या आवाजात. संध्याकाळी थुंकी गिळवत नाही." घोटभर पाणी प्याली. "माहेरी गेले की सगळे म्हणतात, बोल, बोल, मनात ठेवू नकोस. मैत्रिणी म्हणतात, मोकळी हो. दिवसभर अनोळखी लोकांना हसवायचं. एक तुमच्यासमोर काही बोलावं लागत नाही. दार उघडता, पाणी देता, बरं म्हणता. मी वाट बघते त्याची दुपारपासून. तुम्हाला जायचं असेल तर जा, अडवणार नाही. पण माझ्यासाठी जाऊ नका."

मी हौदाकडे बघत बसले. पाणी होतं की नुसता हिरवा रंग होता, कळत नव्हतं. मी स्वतः संध्याकाळी ऑफिसातून येऊन खुर्चीत बसायची आणि तासभर कुणाला उत्तर द्यायची नाही. यजमान शेजारच्यांना सांगायचे, आमच्या हिची लाइन सहानंतर बंद. लेक लहान होता, तो येऊन नुसता पायाशी बसायचा, खडे मांडत. त्याच्याशी बोलावं लागायचं नाही. तो तास मला दिवसभरात सगळ्यांत आवडायचा. आणि तोच तास ही पोर माझ्यापाशी रोज घालवत होती आणि मी त्याला दुःख समजून बसले होते. दुःख होतंच, नाही कशाला म्हणू. पण त्याच्याशेजारी बसून ती दमणूकही उतरवत होती. एवढं जन्मभर ऐकून मला थकलेला घसा ओळखता आला नाही.

"दुसरी फेरी किती वाजता?" मी विचारलं.

"आज नाही. आज कुणी नाव दिलं नाही."

मग आम्ही चष्मा घेतला आणि बसमध्ये बसलो. दुपारची बस, अर्धी रिकामी. तिने छत्री पायाशी ठेवली, खिडकीला डोकं टेकवलं, मग बस वळली तसं ते माझ्या खांद्यावर आलं आणि तिथेच राहिलं. मला आता सगळं लख्ख दिसत होतं. तिच्या भांगात एक पांढरा केस होता. ओठांवर उन्हाने भेगा पडल्या होत्या. झोपेत ती थोडी घोरत होती. तेवढ्यात पर्समध्ये फोन वाजला, मी घाईने उचलला. ताई.

"काय गं, मग ठरलं का? खोलीला रंग काढते. कधी येतेस?"

"येईन. चार दिवस राहायला येईन," मी हळूच म्हटलं. "आम्ही दोघी येऊ."

"ऐकू येत नाही. मोठ्याने बोल की. कुठे आहेस?"

"बसमध्ये. नंतर करते." मी फोन ठेवला.

आमचा थांबा आला. दार उघडलं. एक बाई पिशव्या सांभाळत उतरली. ड्रायव्हर आम्हाला ओळखतो, रोजचा आहे. त्याने आरशातून माझ्याकडे बघितलं आणि दार उघडंच ठेवलं. मी खांदा न हलवता एक हात वर केला आणि त्याला पुढे चल म्हणून खूण केली. त्याने जरा वाट पाहिली, मग दार मिटलं. आमची गल्ली मागे गेली, दूधवाल्याचं दुकान मागे गेलं. पुढे ही बस कुठवर जाते, ते मला आजवर माहीत नव्हतं.